आठवणकाट्याचं सील

बिनचूकरावांनी आयुष्यातली पहिली थाप मारली ती वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी, फोनवर, आणि तीही पोटच्या मुलीला.

"बाबा, मी लहान असताना दुपारी मला झोपवायला तुम्ही एक गाणं म्हणायचात ना, ते अजून पाठ आहे तुम्हाला?" मुलीने विचारलं होतं.

"म्हणजे काय? शब्द न् शब्द," बिनचूकराव म्हणाले.

फोन खाली ठेवताना त्यांच्या लक्षात आलं की शब्द तर राहूच द्या, ते गाणं सुरू कसं व्हायचं हेसुद्धा आपल्याला आठवत नाही.

बिनचूकराव हे अर्थातच त्यांचं खरं नाव नव्हे. ते वजनमापे कार्यालयात निरीक्षक होते. दुकानदारांचे तराजू, दूधवाल्यांची मापं, कापडवाल्यांच्या मीटरपट्ट्या तपासायच्या, बरोबर असतील तर शिशाचं सील ठोकायचं आणि नसतील तर जप्त करायच्या, हे त्यांचं एकतीस वर्षांचं काम. हे नाव ऑफिसातल्यांनी त्यांच्या माघारी, चिडवायला म्हणून ठेवलं होतं. त्यांच्या कानावर आल्यावर त्यांनी ते पदवीसारखं स्वीकारलं, त्यामुळे चिडवणाऱ्यांचा फार हिरमोड झाला. घरी पाहुण्यांनी "दोन मिनिटांत येतो" म्हटलं तर हा गृहस्थ घड्याळ लावून बसायचा. बायको "चिमूटभर मीठ घाला" म्हणाली की "कोणाची चिमूट?" असं विचारायचा. अशा माणसाशी संसार करणं सोपं नसतं, पण त्यांच्या बायकोची सगळी नोकरी टेलिफोन एक्सचेंजमध्ये गेली होती. कोणाचं किती ऐकायचं आणि कोणाची लाइन कधी तोडायची, हे तिला चांगलं ठाऊक होतं.

तर मुलीचं म्हणणं असं होतं. तिची तान्ही अडीच महिन्यांची झाली होती आणि दुपारची म्हणून झोपत नव्हती. अंगाई झाली, पाळणा झाला, पंखा लावून झाला, पंखा बंद करून झाला. शेवटी मुलीला ते गाणं आठवलं. गाणं म्हणजे फक्त चाल, आणि बाबांचा पाठीवर थापटणारा हात.

"शब्द नाही हो आठवत मला," ती म्हणाली होती. "पण बाबा, माझ्या लहानपणातलं तेवढंच मला इतकं लख्ख आठवतं. मी सासूबाईंना सांगून ठेवलंय की आमचे बाबा गाणं म्हणतील आणि ही झोपेल. रविवारी दुपारी येतो आम्ही तिघी."

इथे बिनचूकरावांच्या तोंडचं पाणी पळालं. एक तर ही विहीणबाई तीस वर्षं शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेली, म्हणजे चूक पकडण्यात त्यांच्याच तोलामोलाची. दुसरं म्हणजे मुलीने लग्नात, शिक्षणात, कशातही कधी काही मागितलं नव्हतं. पहिल्यांदाच काही मागितलं, ते घरात होतं, आणि बापाला ते सापडत नव्हतं. ही दुसरी गोष्ट त्यांना जास्त लागली.

"तुला आठवतं का गं, मी काय म्हणायचो ते?" त्यांनी बायकोला विचारलं.

"मी दुपारपाळीला असायचे. तुमची घरी काय मैफल चालायची, मला काय माहीत?" ती म्हणाली. "चंद्र-चांदण्यांचं काहीतरी असेल. सगळ्या अंगायांत तेच असतं."

"दुपारी चंद्र कसा असेल?"

"मग नसेल."

सोमवारपासून ही बातमी इमारतभर झाली. बिनचूकरावांना काहीतरी आठवत नाही, ही त्या इमारतीत पाणी येण्याइतकीच मोठी घटना होती. शेजारच्या आप्पांनी भिजवलेले बदाम सांगितले, रोज सात. वरच्या मजल्यावरच्या प्राध्यापकीणबाईंचं म्हणणं पडलं की ज्या जागी गोष्ट विसरली, त्या जागेपासून उलटं चालत जावं, म्हणजे आठवते. बिनचूकराव मंगळवारी संध्याकाळी बैठकीच्या खोलीपासून जे उलटे निघाले, ते जिना उतरून फाटकापर्यंत पोचले आणि पोस्टमनच्या सायकलवर बसले. सायकलवर पोस्टमन अगोदरच बसलेला होता. गाणं काही आठवलं नाही, पण पोस्टमन जे बोलला ते पुष्कळ दिवस लक्षात राहील असं होतं.

बुधवारी त्यांना घड्याळजी आठवला.

बाजाराच्या टोकाला घड्याळजीचं खोकं होतं, एका माणसाने आत बसावं आणि दुसऱ्याने बाहेर उभं राहावं एवढंच. आत चाळीस घड्याळं आणि चाळिसांची वेळ वेगळी. बिनचूकराव त्या रस्त्याने जाताना नेहमी मान दुसरीकडे वळवायचे, कारण ते दृश्य त्यांना बघवत नसे. पण असं बोललं जायचं की घड्याळजी नुसती घड्याळं दुरुस्त करत नाही, गेलेल्या वेळेचंही काहीतरी करतो.

घड्याळजीने सगळं ऐकून घेतलं, डोळ्याला लावलेली काचेची नळी काढली आणि फळीखालून पितळेचं एक यंत्र बाहेर ठेवलं. डब्याएवढं. वर घड्याळासारखी तबकडी, तिच्यात एकच काटा. खाली सोनाराकडे असतं तसं छोटं पारडं, आणि मागे किल्ली.

"हा आठवणकाटा," घड्याळजी म्हणाला. "माझा मीच केलाय. पारड्यात त्या काळातली एखादी वस्तू ठेवायची आणि किल्ली द्यायची. खोलीत जेवढे असतील तेवढ्यांना तो दिवस दिसतो, ऐकू येतो. आणि काटा अगदी मधोमध आला की वेळ थोपते."

"थोपते म्हणजे किती वेळ?"

"आता थोपल्यावर किती वेळ ते कसं सांगू, साहेब?" घड्याळजी म्हणाला. "सोमवारी परत आणून द्या. फक्त एक करा. काटा जरा थरथरतो. त्याला थरथरू द्या, हात लावू नका."

आता वजनमापे निरीक्षकाला "काटा थरथरतो, तसाच राहू द्या" असं सांगणं म्हणजे न्हाव्याला वाढलेल्या दाढीसमोर नुसतं बसवून ठेवण्यासारखं आहे. पण गरज त्यांची होती. ते मान डोलावून यंत्र घेऊन आले.

घरी बायको, आप्पा आणि प्राध्यापकीणबाई जेवणाच्या टेबलाभोवती आधीच येऊन बसले होते. बोलावलं कोणालाच नव्हतं. मुलीची लहानपणीची वस्तू म्हणून बायकोने शिवणाच्या डब्यातून एक निळी रिबन शोधून काढली. बिनचूकरावांनी ती पारड्यात ठेवली, किल्ली दिली. काटा थरथरला आणि टेबलापलीकडची भिंत बघता बघता एकवीस वर्षांनी नवी झाली.

तिथे आठ वर्षांची ठकी उभी होती. मुलीला लहानपणी ठकी म्हणत. दोन वेण्या, एका वेणीला निळी रिबन, दुसरीची सुटलेली. बायकोच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. ठकी म्हणाली, "बाबा, ही आप्पांची शिडी आहे ना?" आणि तिच्यामागून तरुण, काळ्याभोर केसांचे बिनचूकराव शिडी खांद्यावर घेऊन खोलीत शिरले. "दोनच दिवस लागणार आहे," ते म्हणाले, "त्यांना नंतर सांगतो." मग त्यांनी ती शिडी खचलेल्या माळ्याखाली टेकू म्हणून लावली, आणि भिंत पुन्हा आजची झाली.

आप्पांची शिडी एकवीस वर्षांपूर्वी हरवली होती. तिच्या शोधासाठी इमारतीची एक समिती नेमली होती. त्या समितीचे अध्यक्ष बिनचूकराव होते. त्यांनी घरोघर जाऊन जबाब घेतले होते, आप्पांचाही घेतला होता, आणि अहवालात "शिडी मूळ मालकानेच अन्यत्र ठेवली असावी" असा निष्कर्ष काढला होता.

आप्पा उठले, माळ्याखालचा पडदा बाजूला केला आणि आपल्या शिडीकडे बघत उभे राहिले.

"मला खरंच आठवत नव्हतं हो," बिनचूकराव म्हणाले.

"निष्कर्ष मला पाठ आहे," आप्पा म्हणाले.

नेमका त्याच वेळी काटा मधोमध येऊन थांबला. आप्पा बोलू लागले. एकवीस वर्षांचं साठलेलं होतं. शिडीअभावी कोणकोणते बल्ब बदलता आले नाहीत, कोणत्या कोळ्यांनी कुठे जाळी केली, हे सगळं त्यांनी क्रमाने सांगितलं. बिनचूकराव मधूनमधून भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होते. सव्वापाच वाजले होते आणि सव्वापाचच वाजत राहिले. शेवटी बायकोने पारड्यातली रिबन उचलली, तेव्हा कुठे पाच सोळा झाले.

आप्पा शिडी घेऊन गेले. ती काढल्यावर माळ्याने थोडा विचार केला आणि मग तो खाली आला, तीन ट्रंका आणि एका फुटक्या हंड्यासकट. पसारा आवरताना बायकोच्या हाताला ठकीची तिसरीची वही लागली. तिच्यात लाल शाईने फुली मारलेली ती प्रसिद्ध ओळ होती, "दहा लिटर म्हणजे एक मीटर." ही ओळ बिनचूकरावांच्या घराण्याचा ठेवा होता. वजनमाप निरीक्षकाच्या मुलीने परीक्षेत असं लिहावं, ही गोष्ट ते प्रत्येक समारंभात सांगून हसवत असत. सोयरीक जुळताना विहीणबाईंनाही सांगून झाली होती. त्या ओळीखाली त्यांनी तेव्हा ठकीकडून बरोबर कोष्टक शंभर वेळा लिहून घेतलं होतं. "हा मूर्खपणा कोणी शिकवला तुला?" असं विचारल्यावर पोर नुसती बघत राहिली होती.

"शंभर वेळा," बायको पानं उलटत म्हणाली. "शेवटी शेवटी अक्षर बघा कसं झालंय. अहो, आठ वर्षांची होती ती."

"आयुष्यात परत चुकली नाही," बिनचूकराव म्हणाले. पण वही त्यांनी बंद करून कपाटावर ठेवली.

गुरुवारी दारात रांग लागली. कोणाला हरवलेली पावती हवी होती, कोणाला आईचा आवाज. प्राध्यापकीणबाईंनी नवऱ्याचा जुना मफलर आणला होता. आणि त्याच दिवशी कार्यालयात तक्रार आली की एक निरीक्षक आपल्या राहत्या घरी विनापडताळणी, विनासील काटा सार्वजनिक वापरात आणत आहे. अर्ज निनावी होता, पण "शिडी" हा शब्द तीनदा आला होता.

साहेबांनी बिनचूकरावांना बोलावलं. साहेब वयाने तरुण होते आणि बिनचूकरावांना जरा भिऊनच असत, पण अर्ज आला म्हणजे आला.

"हे वजनाचं यंत्र आहे की वेळेचं?" साहेबांनी विचारलं. "वजनाचं असेल तर पिवळा फॉर्म. वेळेचं असेल तर पांढरा."

"दोन्ही म्हणता येईल."

"मग दोन्ही भरा. कमाल क्षमता?"

"सत्तावन्न वर्षं."

"किमान?"

"काल संध्याकाळचं जेवण."

"एकक कोणतं लिहिणार?"

इथे मात्र दोघेही अडकले. आठवण कशात मोजतात हे कुठल्याच नियमात नव्हतं. शेवटी साहेबांनी "नग" लिहायला सांगितलं.

खरं सांगायचं तर बिनचूकरावांना या तक्रारीने बरंच वाटलं. यंत्र सदोष आहे हा त्यांचा संशय बुधवारपासूनच होता. मागितलं गाणं आणि दिली शिडी, हे बरोबर काम करणाऱ्या काट्याचं लक्षण नव्हे. शुक्रवारी त्यांनी तो टेबलावर घेतला, कार्यालयाची प्रमाण वजनं मांडली आणि मागचं झाकण उघडलं. आत एक स्क्रू अर्धा वळसा ढिला होता. सगळी थरथर तिथून येत होती. त्यांनी तो आवळला. काटा रेघेसारखा सरळ उभा राहिला. घड्याळजीने हात लावू नका म्हटलं होतं हे त्यांना आठवलं, पण चाळीस घड्याळांत चाळीस निरनिराळ्या वेळा दाखवणाऱ्या माणसाचं किती ऐकायचं? त्यांनी शिशाचं सील ओवलं, पकडीने दाबलं. त्यावर त्यांचा क्रमांक उमटला, सात. मन अगदी प्रसन्न झालं.

शनिवारी प्राध्यापकीणबाई मफलर घेऊन पुन्हा आल्या. त्यांना नवऱ्याला पहिल्यांदा पाहिलं तो क्षण हवा होता. किल्ली दिली. या वेळी भिंत काही नवी झाली नाही. यंत्रातून एक कोरडा, स्वच्छ आवाज आला. "गुरुवार. दोघांमधलं अंतर साडेतीन मीटर. कालावधी अकरा सेकंद. तापमान एकतीस अंश."

"आणि?" बाईंनी विचारलं.

आणखी काही नव्हतं. बाई मफलर घडी करून निघून गेल्या. मग बायकोने कुठूनतरी एक पिवळं पडलेलं पाकीट आणलं. लग्नाआधी बिनचूकरावांनी तिला लिहिलेलं ते एकुलतं एक पत्र होतं. तिने ते पारड्यात ठेवलं आणि पदराशी चाळा करत उभी राहिली.

"कागद एक," आवाज म्हणाला. "वजन पाच ग्रॅम. ओळी चौदा."

बायको थोडा वेळ यंत्राकडे आणि थोडा वेळ नवऱ्याकडे बघत राहिली.

"अहो," ती म्हणाली, "हे तर अगदी तुमच्यासारखं बोलायला लागलं."

ती हसत म्हणाली, पण बिनचूकरावांना ते लागलं. रात्रीची भाजी अळणी झाली होती तरी त्यांनी मिठाचं प्रमाण विचारलं नाही.

रविवारी बरोबर तीनला तिघी आल्या. मुलगी वाळली होती, डोळ्यांखाली काळं आलं होतं, तरी तोंडभर हसत आली. विहीणबाईंनी आल्याआल्या बसायची खुर्ची निवडली, ती नेमकी सगळ्यांना बघता येईल अशी. आणि तान्ही फाटकापासूनच रडत होती. एवढ्याशा जिवात एवढा आवाज कुठे मावतो, हा प्रश्न मापाच्या दृष्टीने बिनचूकरावांना पडला, पण त्यांनी तो मनातच ठेवला.

"बाबा, म्हणा," मुलगी म्हणाली आणि तान्हीला त्यांच्या खांद्यावर दिलं.

"आधी चहा होऊ दे."

चहा झाला. मग त्यांनी विहीणबाईंना प्रवास कसा झाला विचारलं. मग हवापाणी झालं. रडणं चालूच होतं. बायकोने दुसऱ्या चहासाठी दूध तापत ठेवलं. बोलायचं सगळं संपलं तेव्हा बिनचूकराव तान्हीला मुलीकडे देत म्हणाले, "एक मिनिट," आणि ठकीची लहानपणीची उशी आणून आठवणकाट्याच्या पारड्यावर ठेवली. जणू गाण्याआधी तंबोरा लावतात तसं काहीतरी करतोय असा त्यांनी आव आणला.

"गाणं एक," काटा म्हणाला. "कालावधी चार मिनिटं वीस सेकंद. गायकाचा आवाज खडबडीत. चुका नऊ."

विहीणबाईंनी चष्मा वर सरकवला. मुलगी यंत्राकडे बघत होती, मग तिने बापाकडे बघितलं.

"बाबा," ती हळू आवाजात म्हणाली, "तुम्हाला आठवत नाहीये का?"

रागावली असती तर बरं झालं असतं. ती रागावली नव्हती. "राहू द्या, चालेल," असं म्हणायची तयारी तिच्या चेहऱ्यावर दिसत होती. लहानपणी वहीत शंभर ओळी लिहायला बसताना तिचा चेहरा असाच झाला होता, हे बिनचूकरावांना कुठल्याही यंत्राशिवाय आठवलं.

"नाही आठवत," ते म्हणाले. "फोनवर थाप मारली मी."

मग ते उठले आणि स्वयंपाकघरातून सुरी घेऊन आले.

इथे वाचकाला एक गोष्ट सांगायला हवी. सरकारी सील तोडणं हा गुन्हा आहे. बिनचूकरावांनी एकतीस वर्षांत एकशे बारा माणसांवर या गुन्ह्याखाली कारवाई केली होती. त्यांत एक कापडवाला त्यांचा सख्खा मावसभाऊ होता, आणि तो अजून बोलत नाही. पुढे सोमवारी त्यांनी स्वतःविरुद्ध एकशे तेरावा अहवाल रीतसर लिहून दिलाही. पण गुन्हेगार आणि निरीक्षक यांची सही एकाच शाईची चालत नाही असा शेरा मारून साहेबांनी तो परत पाठवला. हे सगळं नंतरचं. त्या क्षणी सुरी सीलाजवळ नेऊन ते थबकले, आणि बायको म्हणाली, "अहो, द्या मी तोडते," तेव्हा ते म्हणाले, "नको. सात नंबर माझा आहे."

शिशाचा मणी टेबलावर पडला. झाकण काढून त्यांनी स्क्रू अर्धा वळसा ढिला केला. काटा थरथरला आणि भिंत एकोणतीस वर्षांनी नवी झाली.

याच खोलीतली दुपार होती. खिडकीला जुना हिरवा पडदा. बनियन घातलेला एक सडपातळ तरुण खांद्यावर तान्हं मूल घेऊन येरझारा घालत होता. त्याच्या एका हातात उघडं पुस्तक होतं. खात्याची परीक्षा दोन आठवड्यांवर आली म्हणून त्याने रजा काढली होती आणि बायको दुपारपाळीला होती. तरुणाचे डोळे झोपेने मिटत होते. तो पुस्तकातलं कोष्टक पाठ करत होता, आणि मूल रडू नये म्हणून ते गात होता.

*दहा मिलिमीटर, एक सेंटिमीटर,*
*दहा सेंटिमीटर, एक डेसिमीटर...*

इथपर्यंत बरोबर होतं. मग पुस्तक हळूहळू खाली आलं आणि डोळे मिटले. पाय चालत राहिले, हात थापटत राहिला.

*दहा डेसिमीटर, एक लिटर,*
*दहा लिटर, एक मीटर,*
*दहा मीटर, एक बाबा,*
*दहा बाबा, एक ठकी.*

आणि पुन्हा पहिल्यापासून. दर वेळी त्याच ठिकाणी चुकत, चाल न सोडता, पुढे परीक्षा संपल्यावरही कित्येक वर्षं सुट्टीच्या दुपारी डुलक्या घेत चालायचं तसं. त्याच्या खांद्यावर पोर गाढ झोपली होती.

भिंत आजची झाली. दूध तापल्याचा वास येत होता. बिनचूकराव कपाटाकडे गेले, वरची वही काढली आणि तिसरीच्या त्या पानावर बोट ठेवून उभे राहिले.

"हे मीच शिकवलं होतं तुला," ते म्हणाले. "आणि मीच विचारलं, कोणी शिकवलं म्हणून. आणि शंभर वेळा लिहायला लावलं. वर एकवीस वर्षं लोकांना सांगून हसलो." त्यांचा आवाज खरोखरच खडबडीत झाला होता. "चुकलं माझं, बाळा."

हे शब्द त्या घरात त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकू आले होते. बायकोने पदर तोंडाशी धरला. मुलगी वहीकडे बघत होती. मग तिचे खांदे हलायला लागले. ती रडतेय असं सगळ्यांना वाटलं, पण ती हसत होती. हसता हसता रडत होती आणि रडता रडता पुन्हा हसत होती, आणि तिच्या हातातली तान्ही त्या सगळ्यावर कडी करून ओरडत होती.

"दहा लिटरचा एक मीटर होत नाही," विहीणबाई म्हणाल्या.

बिनचूकरावांनी वही मिटली.

"पण चाल चांगली आहे," त्या म्हणाल्या. "आणि शेवटची ओळ मला तपासायला आली असती तर पूर्ण मार्क दिले असते. म्हणा तुम्ही."

"म्हणणार म्हणजे काय," मुलगी डोळे पुसत म्हणाली. "मी शंभर वेळा बरोबर लिहिलं होतं ना? आता तुम्ही शंभर वेळा चुकीचं म्हणा. मी मोजणार नाही. तुमचं तुम्ही मोजा."

बिनचूकरावांनी तान्हीला खांद्यावर घेतलं आणि येरझारा सुरू केल्या. दहा मिलिमीटर, एक सेंटिमीटर. रडणं थोडं कमी झालं. दहा सेंटिमीटर, एक डेसिमीटर. तान्हीने एक सुस्कारा टाकला. दहा डेसिमीटर, आणि इथे एकतीस वर्षांची सवय आडवी आली, एक मीटर, असं ते बरोबर म्हणून गेले. तान्हीने खाडकन डोळे उघडले आणि भोकाड पसरलं.

"बाबा, नीट म्हणा," मुलगी म्हणाली.

दुसऱ्यांदा ते सावध राहिले. दहा डेसिमीटर, एक लिटर. दहा लिटर, एक मीटर. जीभ अडखळली, पण त्यांनी ती रेटली. दहा मीटर, एक बाबा. दहा बाबा, एक ठकी, आणि आता पुढे कोणाचं नाव घालायचं यावर ते क्षणभर थांबले. मग त्यांनी दहा ठकींची एक तान्ही केली. विहीणबाईंची मान तालावर हलत होती. पाचव्या वेळेला तान्हीची मूठ सुटली. नवव्या वेळेला मुलगी बसल्या जागी, मान कलती करून झोपली. तिची कित्येक आठवड्यांची झोप राहिली होती.

टेबलावरचा काटा थरथरत थरथरत मधोमध आला आणि थांबला. भिंतीवर चार वाजले होते, ते चारच वाजत राहिले. शेगडीवरचं दूध काठापर्यंत येऊन थबकलं होतं आणि बायको त्याच्याकडे बघत निवांत उभी होती. दारात आप्पा काहीतरी विचारायला म्हणून आले होते, ते दारातच उभे राहिले. कोणालाच कुठे जायचं नव्हतं.

बिनचूकराव चालत होते, थापटत होते आणि मनात मोजत होते. त्रेसष्ट झाले की चौसष्ट, इथे त्यांचा गोंधळ उडाला. आयुष्यात मोजणी चुकायची ही त्यांची पहिलीच वेळ. त्यांनी झोपलेल्या मुलीकडे बघितलं, खांद्यावरच्या नातीकडे बघितलं, आणि पुन्हा एकपासून सुरुवात केली.